गल्ल्यातली नाणी: आधी समजा, मग बदला

इथे नेदरलँड्समध्ये मुलं शाळेत डचमधून गणित शिकतात आणि घरी आपण ते मराठीत समजावतो. त्यात नाण्यांची शाब्दिक उदाहरणं हमखास अडतात. हे एक घ्या:

गल्ल्यात १० सेंट आणि ५० सेंटची मिळून २६ नाणी आहेत. एकूण रक्कम ६ युरो २० सेंट. तर प्रत्येक प्रकारची नाणी किती?

मी दहा वर्षांच्या लेकीसमोर थेट क्ष आणि य मांडले. तिनं लिहिलं, क्ष + य = ६२०. मी तेच पुन्हा, जरा मोठ्या आवाजात सांगितलं. वही मिटली. नंतर लक्षात आलं, नाण्यांची संख्या वेगळी आणि त्यांची किंमत वेगळी, हे मी तिला सांगितलंच नव्हतं.

तुम्ही सुरुवात करताना आधी दोन गोष्टी पाहा. डच पुस्तकात रक्कम ६,२० अशी छापतात. तो स्वल्पविराम म्हणजे आपलं दशांशचिन्ह. म्हणून सगळं सेंटमध्ये करून घ्या: ६२०. दुसरं, २६ ला डचमध्ये 'झेस-एन-ट्विंतख' म्हणतात, म्हणजे सहा आणि वीस. आपलं 'सव्वीस'सुद्धा सहापासूनच सुरू होतं, पण इंग्रजीत वीस आधी येतात. तिन्ही भाषा ऐकणारं मूल २६ चे ६२ करू शकतं. संख्या अंकांत लिहून घ्या.

आता क्ष-य बाजूला ठेवा आणि खरी नाणी टेबलावर मांडा.

१. समजा, सगळी २६ नाणी १० सेंटचीच आहेत. रक्कम झाली २६० सेंट.
२. हवेत ६२०. म्हणजे ३६० कमी पडले.
३. १० चं एक नाणं उचलून तिथे ५० चं ठेवा. नाणी २६ च राहिली, रक्कम मात्र ४० नं वाढली.
४. ३६० भागिले ४० म्हणजे ९ वेळा अदलाबदल.

म्हणून ५० सेंटची ९ आणि १० सेंटची १७ नाणी. ताळा: ४५० + १७० = ६२०.

पुढे मूल समीकरणं शिकेल तेव्हा हेच परत भेटेल. क्ष + य = २६ आणि १०क्ष + ५०य = ६२०. पहिल्याला १० नं गुणून दुसऱ्यातून वजा केलं की ४०य = ३६० उरतं. तेच ४०, तेच ३६०! 'सगळी १० चीच समजा' या वाक्याचं बीजगणितातलं रूप म्हणजे ही वजाबाकी.

आता रक्कम ६३० करून बघा. तूट ३७०, तिला ४० नं पूर्ण भाग जात नाही. म्हणजे असा गल्ला असूच शकत नाही. 'उत्तर नाही' हेही उत्तर असतं, हे मुलांना जरूर दाखवा.

जाता जाता गृहपाठ. २००२ मध्ये युरोची नाणी येण्याआधी इथे गिल्डर चालायचे. १० सेंटचं 'डबल्त्ये' आणि २५ सेंटचं 'क्वार्त्ये' असायचं, जणू आपली चवन्नीच. अशी एकूण २० नाणी आणि रक्कम ३ गिल्डर ५० सेंट. क्वार्त्ये किती? मुलांना करू द्या. आपण फक्त नाणी पुरवायची आणि आवाज खाली ठेवायचा.