तुर्तुक

लडाखच्या उत्तरेस श्योक नदीच्या काठी तुर्तुक नावाचे गाव आहे. चहूकडे काराकोरमचे उघडे डोंगर आणि मधे जर्दाळूची झाडे व जवाची हिरवी शेते!

पूर्वी हे गाव पाकिस्तानच्या ताब्यात होते. डिसेंबर 1971 मध्ये भारत-पाकिस्तान युद्ध झाले. मेजर चेवांग रिंचेन यांच्या नेतृत्वाखाली भारतीय सैनिकांनी तुर्तुक घेतले. पुढे 1972 मध्ये सिमला करार झाला आणि नियंत्रण रेषा ठरली. शिक्षणासाठी किंवा कामासाठी पलीकडे गेलेली माणसे तिकडेच राहिली. कोणाचा मुलगा दुरावला, तर कोणाचा भाऊ. अंतर थोडे होते. पण वाट बंद झाली.

गावाचा देश बदलला. घरातील बोली बदलली नाही. तुर्तुकचे लोक बाल्टी बोलतात. ही भाषा तिबेटी कुळातील आहे. विशेष म्हणजे ती उर्दूच्या लिपीतही लिहितात! गावात लाकडी नक्षीकामाची जुनी मशीद आहे. तेथे लोक आजही नमाज पढतात. सूफी नूरबख्शी परंपरा त्यांनी जपली आहे.

2010 पासून तुर्तुकला पर्यटक येऊ लागले. पाहुण्यांना येथील गोड जर्दाळू फार आवडतात. मात्र ताटातूट झालेल्या घरांत पलीकडच्या माणसांची आठवण अजून ताजी आहे.

शब्दार्थ
दुरावणे – दूर जाणे
कूळ – खानदान
ताटातूट – जुदाई

स्वाध्याय
1. युद्धानंतर तुर्तुकमधील माणसांची ताटातूट का झाली?
2. गावकऱ्यांनी काय काय जपले?