भरीत काड्यांवरचंच कर

स्मोकर घ्यायचं मनातून काढून टाक, बाई. तुझा दीर टेक्सासात अंगणात त्या यंत्रावर स्टेक करतो, फोनवर तुला दाखवतो, आणि तुलाही वाटतं की धुराच्या चवीचं काहीतरी आपल्या हाताने घरी करावं. तुझी ही हौस मला मनापासून आवडली. पण जळगावची माहेरवाशीण आणि धुळ्याची सून असलेल्या पोरीने धुराची चव शोधायला यंत्र विकत घ्यावं, हे मला पटत नाही. तुला हवं ते सगळं भरितात आहे. फक्त ते गॅसवर नाही, काड्यांवर व्हायला हवं. आणि विस्तव तू स्वतः पेटवायला हवास.

स्मोकरचं काम आधी समजून घे. त्यात आच मंद असते, साधारण १०५ ते १२० अंश सेल्सिअस. जाडसर स्टेक त्या धुरात तासभर हळूहळू तापतो, आतून पन्नास अंशांच्या आसपास आला की काढतात आणि मग रसरशीत तापलेल्या लोखंडावर दोन्ही बाजूंनी भाजतात. मांसाला हे मानवतं. वांग्यात मात्र नव्वद टक्क्यांहून जास्त पाणी. मंद आचेवर ठेवलंस तर ते सुरकुतत जातं, साल करपत नाही आणि सोलायला घेतलं की निम्मा गर सालीला चिकटून येतो. वांग्याला झपाट्याची ज्वाळा हवी. साल बाहेरून जळली पाहिजे आणि आत गर स्वतःच्याच वाफेवर शिजला पाहिजे. कपाशीच्या काड्या नेमक्या तशाच जळतात. बोटाएवढ्या बारीक, कोरड्या, भरभर पेटणाऱ्या. निखारा फारसा धरत नाहीत, ज्वाळा मात्र भरपूर देतात. आपल्याकडे कपाशी पिकते म्हणून पऱ्हाट्या जळणाला आल्या हे खरंच, पण भरितासाठी याहून चांगलं जळण मी पाहिलेलं नाही. तुराट्या मिळाल्या तर त्याही चालतात.

गॅसवर का नको, हे तू दर वेळी विचारतेस. गॅस स्वच्छ जळतो, त्याच्या ज्वाळेत लाकडाचा धूर नसतोच. लाकूड जळताना त्यातलं लिग्निन फुटतं, त्यातून ग्वायकॉलसारखी द्रव्यं धुरात येतात आणि आपण ज्याला धुराचा वास म्हणतो तो बराचसा त्यांचाच. ती ओल्या पृष्ठभागावर बसतात, तेलातही उतरतात. म्हणून वांग्याला चिरा द्यायच्या आणि वरून तेलाचा हात फिरवायचा. चिरांमुळे वांगं फुटत नाही आणि धुरालाही आत वाट मिळते. वाटीत पेटता कोळसा ठेवून त्यावर तेल सोडून झाकण घालायची युक्ती तुझ्या शेजारणीने सांगितली ना? पाहुणे दारात आले असतील तर कर. पण त्यात वास जळक्या तेलाचा जास्त असतो.

तुझा दीर मेस्किटच्या लाकडाचं फार कौतुक सांगत होता. ते आपल्या वेड्या बाभळीच्याच कुळातलं झाड आहे. सांग त्याला. तिकडचे लोक कुठल्या लाकडाचा धूर कुठल्या मांसाला, यावर किती बारकाईने बोलतात! आपणही आपल्या काड्यांबद्दल तेवढ्याच आस्थेने बोलायला काय हरकत आहे?

आता वांगं. इथे तडजोड करू नकोस. ते काळंजांभळं, गोल, चकचकीत वांगं भरितासाठी बाकी महाराष्ट्रात चालतं, आपल्याकडे नाही. आपलं वांगं फिकट हिरवं, वर पांढरट रेघा, लांबोडकं आणि चांगलं थोराड. बामणोदचं म्हण, आसोद्याचं म्हण, दोन्हीकडची नावाजलेली. साल पातळ, बिया कमी, गर मऊ लोण्यासारखा. या जळगावच्या भरिताच्या वांग्याला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळालं, तेव्हा मला किती आनंद झाला होता ते तुला ठाऊक आहे. धुळ्याच्या बाजारात थंडी पडली की ही वांगी दिसायला लागतात. हातात घेऊन बघ. आकाराच्या मानाने हलकं लागलं तर घे, जड लागलं तर आत बिया भरलेल्या असायच्या. देठ हिरवा हवा. आणि बारीकसं छिद्र दिसलं तर सरळ खाली ठेव, आत अळी असते. तुझ्या सासूबाई चातुर्मासात वांगं खात नाहीत, म्हणजे चंपाषष्ठीला खंडोबाला भरीत-रोडग्याचा नैवेद्य दाखवून त्यांचं सुरू होईल. घरातलं पहिलं भरीत तूच कर त्या दिवशी. त्यांना आधी सांगून ठेव, म्हणजे त्या मुद्दाम तुझ्या हातचं खायला बसतील.

काड्या कुणाच्या शेतातून आणशील तिथे दोन गोष्टी विचार. शेवटची फवारणी कधी झाली, आणि काड्या उन्हात नीट वाळल्यात का. कपाशीवर औषधं फार पडतात गं, ताज्या उपटलेल्या काड्या अन्नाखाली घालायच्या नाहीत. आणि हौसेने वर्षभराचा ढीग घराजवळ रचून ठेवू नकोस. गुलाबी बोंडअळी अशाच पऱ्हाट्यांत आणि किडक्या बोंडांत दबून राहते आणि पुढच्या हंगामात बाहेर पडते, म्हणून तर कृषी खातं हंगाम संपला की पऱ्हाट्या उपटून नष्ट करायला सांगतं. दोन किलो वांग्यांना एक कवळ काड्या पुरतात. रंग दिलेलं लाकूड, प्लायवूड, फळ्यांचे तुकडे यातलं काहीही विस्तवात टाकायचं नाही.

जागा गच्चीची. बाल्कनीत नको, आणि दार लावून घरात तर मुळीच नको. त्या धुरात कार्बन मोनॉक्साइड असतो, त्याला वास नसतो आणि माणूस बसल्या जागी जातो. लोखंडी घमेल्यात तळाला वाळू घाल, घमेलं विटांवर ठेव. पाण्याची बादली जवळ. सुती कपडे घाल, ओढणी काढून ठेव, केस बांध. खालच्या मजल्यावर कपडे वाळत असतील तर त्या काकूंना आधी सांगून ये, आणि भरीत झालं की त्यांना वाटीभर नेऊन दे.

निम्म्या काड्या खाली, त्यावर वांगी, उरलेल्या वरून. पेटल्यावर वाऱ्याच्या बाजूला उभी राहा. चिमट्याने वांगं फिरवत राहायचं आणि ज्वाळा बसायला लागली की मूठभर काड्या सरकवायच्या. वीसेक मिनिटांत होतं, पण घड्याळाकडे नको, देठाकडे बघ. देठाजवळचा भाग सगळ्यांत उशिरा शिजतो, तिथे दाबल्यावर मऊ लागलं की झालं. बाजूच्या निखाऱ्यावर हिरव्या मिरच्या भाजून घे. मग वांगी परातीत काढून दहा मिनिटं झाकून ठेव. वाफेने साल सुटते आणि धूर गरात मुरतो. जळलेलं साल सगळं काढ, करपलेला भाग पोटात जाऊ देऊ नकोस. पण सोललेलं वांगं नळाखाली धरू नकोस, एवढी मेहनत त्या पाण्याबरोबर वाहून जाते.

कुटायचं बडगीत. ती लाकडाची, म्हणून गर ठेचला जातो, त्याचं पाणी होत नाही. मिक्सर लावलास तर मी जेवायला येणार नाही. मिरची-लसूण आधी कुट, मग वांगं. तेल जरा सढळ हाताने तापव, त्यात शेंगदाणे, खोबऱ्याचे काप, भरपूर कांद्याची पात, वर कुटलेलं वांगं, मीठ, कोथिंबीर. हळद नाही, टोमॅटो नाही. आपलं भरीत हिरवट पांढरंच दिसलं पाहिजे. सोबत कळण्याची भाकरी, ज्वारी आणि सालाचे उडीद एकत्र दळून केलेली. पाहुणे असतील तर पुऱ्या कर.

एक मनातलं सांगते. शेतातल्या भरीत पार्टीत आमच्याकडे विस्तवाजवळ बहुतेक पुरुष उभे असतात आणि बायका मिरच्या निवडतात, पात चिरतात, पुऱ्या लाटतात. वांगी भाजणं हे त्या दिवसाचं खरं कसब आणि सगळं कौतुक तिथे जातं. मला हे फार खटकतं. वर्षभर चूल आणि गॅस आपण सांभाळायचा आणि जिथे चव ठरते तिथे मात्र बाजूला व्हायचं, असं का? म्हणून तुला म्हणते, वांगी तू भाज. जावईबापूंना पात निवडायला बसव, त्यांना जमेल. तुझ्या लेकीलाही जवळ घे, काडी कशी सरकवायची ते तिने बघू दे.

बडगी माझ्याकडे दोन आहेत, मोठी तू घेऊन जा. कळण्याचं पीठ मी दळून ठेवते. काड्यांचं आणि गच्चीचं तेवढं तू बघ, आणि दिवस ठरला की दोन दिवस आधी फोन कर, म्हणजे वांगी मी इथूनच घेऊन येईन.