पायलट टीमला फार जपू नका

नवी डिझाइन सिस्टीम, म्हणजे बटणे, रकाने, तक्ते, रंग, अक्षरे यांचा सामायिक संच, आधी एकाच टीमने वापरून पाहायचा असे ठरले, तेव्हा त्या टीममध्ये मी होतो. काम होते पेडणे आणि डिचोली तालुक्यांतल्या शाखांसाठी कर्जअर्जाचे सॉफ्टवेअर. संच तयार करणारे पणजीत आमच्या शेजारीच बसत. काही अडले की मान वळवून विचारायचे. तासाभरात दुरुस्ती हजर. अहवालात ‘मोठी अडचण नाही’ असे लिहिले गेले. पुढच्या टीमला तो शेजार नव्हता, आणि तिथे घोडे अडले. म्हणून पायलटला मदत जरूर करा, पण प्रत्येक प्रश्न लेखी येऊ द्या. तोंडी सुटलेले प्रश्न मार्गदर्शिकेत उतरत नाहीत.

तपासताना खरा मजकूर भरा. आमच्याकडे ओळीची उंची इंग्रजी नमुन्यावर बेतलेली होती. गावाच्या रकान्यात ‘पार्से’ लिहिले की वरचा रफार कापला जाई, ‘कुडणे’ लिहिले की उकार चौकटीच्या रेघेत बुडे. शिवाय गोव्यात मराठी, कोकणी, इंग्रजी अर्ज एकाच खिडकीवर येतात, आणि पोर्तुगीज वळणाची लांबलचक नावे असतात ती वेगळीच. आम्ही मग गुपचूप रकान्याची प्रत काढून तिची उंची वाढवली. अशा प्रती झाल्या म्हणून टीमला झापू नका. त्यांची नोंद ठेवा. संच कुठे तोकडा पडतो ते त्या नोंदीत जितके दिसते, तितके कुठल्याही प्रश्नावलीत दिसत नाही.

पायलटसाठी कोणाला निवडावे, यासाठी मताची कागदी चिठ्ठी दाखवणाऱ्या व्हीव्हीपॅट यंत्राची जुलै 2011 मधली चाचणी पाहा. जागा निवडल्या त्या लेह, जैसलमेर, चेरापुंजी, तिरुवनंतपुरम आणि पूर्व दिल्ली: हवामान मुद्दाम एकमेकांशी न जुळणारे. मग दुरुस्त्या झाल्या, 2013 मध्ये नागालँडच्या नोकसेन पोटनिवडणुकीत यंत्र वापरले गेले, आणि 2017 मध्ये गोव्याच्या चाळीसही मतदारसंघांत आले. आपल्याकडे मात्र पायलटसाठी सर्वांत हौशी टीम उचलतात. माझे मत विचाराल तर कुरकुरी टीम घ्या. फक्त तिची मुदत तोंडावर आलेली नसावी, नाहीतर ती दुसऱ्याच आठवड्यात जुन्या संचावर परतेल. आणि किती प्रती झाल्या की पायलट थांबवायचा, हा आकडा सुरुवातीलाच, कोणी नाराज होण्याआधी, ठरवून घ्या.