मुलांसाठी नाटकं लिहून पोट भरतं का?

प्रश्न : आम्ही तळेगाव दाभाड्याला राहतो. माझी मुलगी सातवीत आहे. यंदा शाळेच्या गॅदरिंगसाठी तिने स्वतः एक नाटुकलं लिहिलं आणि मैत्रिणींना घेऊन बसवलंही. तेव्हापासून ‘मी मोठेपणी मुलांची नाटकंच लिहिणार’ असं तिने घेतलंय. घरातली वडीलधारी म्हणतात, हे काही करिअर नव्हे. नाटककार रत्नाकर मतकरींनाही बँकेत नोकरी करावी लागली होती. शिवाय मुलांसाठी लिहिणं ही उमेदवारी असते, नाव होतं ते मोठ्यांसाठी लिहिल्यावरच, असंही ऐकलं. यात खरं किती? आणि आमच्या मावळात असा कुणी लेखक झालाय का?

उत्तर : आपण तीन शंका एकत्र विचारल्या आहेत. बालनाटककाराचं पोट भरतं का, मुलांसाठी लिहिणं ही खालची पायरी आहे का, आणि मावळात असं उदाहरण आहे का. एकेक घेऊ.

मतकरींचं नाव निघालंच आहे, तर सुरुवात त्यांच्यापासूनच करू. त्यांचा जन्म १९३८ सालचा, मुंबईचा. ‘वेडी माणसं’ ही त्यांची एकांकिका १९५५ साली मुंबई आकाशवाणीवरून सादर झाली, तेव्हा ते सोळा वर्षांचे होते. म्हणजे आपल्या मुलीपेक्षा फार मोठे नव्हते. पुढे अर्थशास्त्र घेऊन पदवी मिळवली आणि १९५८ मध्ये बँक ऑफ इंडियात लागले. ती नोकरी त्यांनी १९७८ पर्यंत केली आणि मग पूर्णवेळ लेखनाला वाहून घेतलं. तेव्हा घरच्यांची माहिती बरोबर आहे. तिच्यावरून काढलेला निष्कर्ष मात्र चुकतो. नोकरीमुळे मतकरींचं नाटक मागे पडलं नाही, उलट तिच्यामुळेच ते तगलं. महिन्याचा पगार ठरलेला असल्यामुळे प्रत्येक प्रयोगातून चार पैसे सुटलेच पाहिजेत, अशी सक्ती त्यांच्यावर नव्हती. मुलांच्या नाटकाला अशा मोकळिकीची फार गरज असते.

ती का असते, हे हिशेब मांडला की कळतं. मुलांच्या नाटकात राजा असतो, राक्षस असतो, बोलणारी झाडं नि प्राणी असतात. म्हणजे पात्रं जास्त, कपडेपट जास्त, मुखवटे आणि रंगभूषा जास्त. तिकीट मात्र फार चढं ठेवता येत नाही, कारण एका मुलामागे आई, बाबा किंवा आजी असं आणखी एक तिकीट घरच्यांना काढावंच लागतं. प्रयोगही बहुतेक सुट्ट्यांतच लागतात : मे महिना, दिवाळी, नाताळ, नाहीतर रविवारची सकाळ. परीक्षा आल्या की तारखा बंद. खर्च मोठ्यांच्या नाटकाएवढा किंवा त्याहून अधिक आणि कमाईचे दिवस मोजके, असं हे गणित आहे.

यातून एक परिणाम होतो. मोठ्यांचं नाटक लिहिणारा संहिता निर्मात्याच्या हाती देऊन मोकळा होऊ शकतो. मुलांच्या नाटकाला मात्र निर्माता सहजासहजी मिळत नाही, म्हणून लेखकालाच निर्माता व्हावं लागतं. मतकरींनी तेच केलं. १९६२ साली त्यांनी ‘बालनाट्य’ ही संस्था काढली. पत्नी प्रतिभाताईंची साथ होती. लेखन त्यांचं, दिग्दर्शन त्यांचं आणि खर्चाची जबाबदारीही त्यांचीच. पदराला खार लावून त्यांनी ही संस्था अनेक वर्षं चालवली. ‘निम्मा शिम्मा राक्षस’, ‘अचाट गावची अफाट मावशी’, ‘अलबत्या गलबत्या’ ही नावं आज घराघरांत ठाऊक आहेत, ती या खटाटोपामुळे.

या गणिताला दुसरी बाजूही आहे आणि ती सहसा कुणी सांगत नाही. मुलांच्या नाटकाचा प्रेक्षक मोठा होऊन निघून जातो, हे खरं. पण त्याच्या जागी दर काही वर्षांनी नवा प्रेक्षक तयार होतो आणि त्याच्यासाठी ते नाटक कोरं करकरीत असतं. ‘अलबत्या गलबत्या’त एके काळी दिलीप प्रभावळकर चेटकीण झाले होते. २०१८ मध्ये तेच नाटक चिन्मय मांडलेकर यांच्या दिग्दर्शनाखाली नव्याने रंगमंचावर आलं. चेटकिणीच्या भूमिकेत वैभव मांगले होते आणि नाट्यगृहं पुन्हा भरली. लहानपणी ते नाटक पाहिलेले आईबाप आता आपल्या मुलांना घेऊन आले. इतक्या वर्षांनी व्यावसायिक रंगभूमीवर तसाच प्रतिसाद मिळणारी मोठ्यांची नाटकं किती निघतील? चांगलं बालनाट्य उशिरा फळतं, पण दीर्घकाळ फळत राहतं.

आता दुसरी शंका : मुलांसाठी लिहिणं ही उमेदवारी असते का? इथेही मतकरींचंच उदाहरण पाहू. १९५९ साली सुधा करमरकरांनी मुंबईत ‘लिटिल थिएटर’ सुरू केलं. अमेरिकेत जाऊन बालरंगभूमीचा अभ्यास करून त्या परतल्या होत्या. त्यांच्या या संस्थेचं पहिलं नाटक होतं ‘मधुमंजिरी’ आणि ते मतकरींनी लिहिलं होतं. पुढे मतकरींनी मोठ्यांसाठी ‘आरण्यक’, ‘लोककथा ७८’ यांसारखी वजनदार नाटकं लिहिली, गूढकथा लिहिल्या, ‘इन्व्हेस्टमेंट’ हा राष्ट्रीय पुरस्कार मिळवणारा चित्रपटही केला. पण मुलांचं नाटक त्यांनी सोडलं नाही. दोन्ही लेखनं शेजारी शेजारी चालू राहिली. २००३ मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला आणि २०१८ मध्ये साहित्य अकादमीचा बालसाहित्य पुरस्कार. शेवटच्या वर्षांत त्यांनी ठाण्यात ‘वंचितांचा रंगमंच’ या उपक्रमात वस्त्यांमधल्या मुलांना स्वतःच्या जगण्यावर स्वतःच नाटकं उभी करायला प्रोत्साहन दिलं. मे २०२० मध्ये करोनाने त्यांचं निधन झालं. तरुणपणी हाती घेतलेलं मुलांच्या नाटकाचं काम त्यांनी अखेरपर्यंत केलं. पायरी म्हणून केलेलं काम माणूस साठ वर्षं करत बसत नाही.

ते एकटेच असे होते, असंही नाही. ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ लिहिणाऱ्या विजय तेंडुलकरांनी मुलांसाठी ‘इथे बाळं मिळतात’ आणि ‘चिमणा बांधतो बंगला’ लिहिलं. सई परांजपे यांचं ‘मुलांचा मेवा’ हे पुस्तक तर त्या आठ वर्षांच्या असताना प्रसिद्ध झालं. पुढे त्यांनी ‘पत्तेनगरीत’सारखी बालनाट्यंही लिहिली. ही माहिती आपल्या मुलीला जरूर सांगा.

मग मुलांसाठी लिहिणं सोपं, हा समज आला कुठून? मला वाटतं, शाळेच्या गॅदरिंगमधून. तिथे मुलं काम करतात, पालक टाळ्या वाजवतात, संवाद विसरले तरी कौतुकच होतं. ते आपल्या जागी छानच आहे. मुलांनी करायचं नाटक मुलांना वाढवतं. पण मुलांनी पाहायचं नाटक ही वेगळी गोष्ट आहे. सुधाताईंचा आग्रह असा, की मुलांसमोर येणारं नाटक पूर्ण तयारीचं हवं. म्हणून त्यात मुरलेले, मोठे नटही काम करत. राक्षसाचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोचवणं आणि तोच खेळ ओळीने कितीही वेळा तितक्याच जोमाने करणं, हे दहा वर्षांच्या मुलाच्या आवाक्याबाहेरचं असतं.

लेखकाची कसोटीही इथेच लागते. मुलांच्या नाटकाला बसून पाहा. चेटकीण मागच्या पडद्याआडून हळूच येते, नायकाला ती दिसत नाही आणि पुढच्या दोन मिनिटांत अख्खं नाट्यगृह ‘मागे बघ, मागे बघ’ म्हणून ओरडत असतं. मोठ्यांच्या नाटकात प्रेक्षक बोलला तर रसभंग होतो. इथे तो बोलणार, हे धरूनच प्रवेश लिहावा लागतो. नटाने कुठे थांबायचं, मुलांना कुठे उत्तर द्यायचं आणि गोंगाट शमल्यावर गोष्टीचा धागा पुन्हा कुठून उचलायचा, याची जागा संहितेतच सोडावी लागते. लांबलचक स्वगत आलं की मुलं चुळबुळ करतात, कुणाला शू लागते, कुणाला वेफर्स आठवतात. मोठा प्रेक्षक कंटाळला तरी सभ्यपणे बसून राहतो, मूल बसत नाही. त्यामुळे लेखकाला आपली चूक त्याच क्षणी कळते.

ओघात आणखी एक गैरसमज दूर करतो. राक्षस, चेटकीण यांनी मुलं घाबरतात, म्हणून अशी नाटकं दाखवू नयेत, असं काही पालकांना वाटतं. पण शेजारी आई बसलेली आहे, दिवे लागणार आहेत आणि राक्षस हरणार आहे, हे मुलाला आतून ठाऊक असतं. अशा सुरक्षित जागी घेतलेली भीती त्याला धीट करते. फार लहान मूल रडू लागलं तर बाहेर न्यावं, एवढं तारतम्य पुरे.

आता मावळाबद्दल. बालनाटककार म्हणून मतकरींच्या जोडीला ठेवावं असं नाव मी मावळातून सांगणार नाही. पण आपल्या तळेगावातच गो. नी. दांडेकर राहत होते. जन्म विदर्भातला, परतवाड्याचा. लहान वयात स्वातंत्र्यलढ्यासाठी घर सोडलं, पुष्कळ भटकले आणि अखेर तळेगावात स्थिरावले. त्यांनी मुलांसाठी लिहिलं, कादंबऱ्या लिहिल्या, गडकोटांवर लिहिलं. १९७६ मध्ये ‘स्मरणगाथे’ला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. मतकरींनी पगाराच्या आधाराने लेखन जपलं, तर गोनीदांनी लेखणीवरच संसार केला. म्हणजे दोन्ही वाटांनी जाता येतं.

गोनीदांकडून आपल्या मुलीने आणखी एक गोष्ट घ्यावी. त्यांनी गोष्टी दूर शोधल्या नाहीत. ‘पवनाकाठचा धोंडी’ तुंग किल्ल्याच्या परिसरातला, ‘माचीवरला बुधा’ राजमाचीचा. लोणावळ्याच्या अलीकडे-पलीकडे दिसणारे हे डोंगर त्यांना पुरले. तिने राजाराणी जरूर लिहावेत, पण भातखाचरं, लोहगडाच्या पायऱ्या, लोणावळा लोकलमधली गर्दी, चिक्कीच्या दुकानातला पोऱ्या हेही तिचंच भांडवल आहे.

राहिला प्रश्न आत्ता काय करावं याचा. तिला लिहिलेलं मोठ्याने वाचायला लावा आणि ऐकायला तिच्याहून लहान मुलं बसवा. ती जिथे हलतील तिथे खूण करायला सांगा. तळेगावात ‘कलापिनी’ ही संस्था मुलांबरोबर काम करते, तिथे चौकशी करा. राज्य शासनाची बालनाट्य स्पर्धा असते, त्यात शाळेला उतरवा. सुट्टीत चिंचवडच्या रामकृष्ण मोरे नाट्यगृहात बालनाट्य लागलं की तिला न्या आणि एखादं नाटक दोनदा दाखवा. पहिल्यांदा ती गोष्ट पाहील, दुसऱ्यांदा रचना.

आणि घरच्यांना सांगा, की शिक्षण आणि पोटापाण्याची सोय तिने करावी, हा त्यांचा आग्रह योग्य आहे. पण त्यासाठी लेखन थांबवायला नको. मतकरींनी दोन्ही एकाच वेळी वीस वर्षं केलं. तिच्या पुढच्या नाटुकल्याला सगळे जण पहिल्या रांगेत जाऊन बसा.