गिरगाव ते माहीम : बांधांवरून गेलेला यात्रामार्ग

गिरगाव चौपाटीवरून निघालेला भाविक केम्प्स कॉर्नरमार्गे भुलाभाई देसाई मार्गाने श्री महालक्ष्मीच्या दर्शनास येतो. तेथून हाजी अली चौक, लाला लजपतराय मार्ग, वरळी व डॉ. अ‍ॅनी बेझंट मार्ग ओलांडून तो प्रभादेवीस श्री सिद्धिविनायकाच्या चरणी पोहोचतो आणि पुढे दादर व माहीमकडे जातो. आज अखंड वाटणारा हा मार्ग अडीचशे वर्षांपूर्वी सलग नव्हता. महालक्ष्मी व वरळी यांच्यामध्ये समुद्र होता, तर माहीम व वांद्रे यांच्यामध्ये खाडी होती. या मार्गाचा इतिहास म्हणजे मुख्यतः दोन बांधांचा इतिहास होय.

वरळीचा बांध

मुंबई मुळात सात बेटांची होती. महालक्ष्मीची टेकडी आणि वरळी यांच्यामधील खिंडारातून भरतीचे पाणी बेटांच्या मध्यभागी शिरत असे आणि भायखळ्यापर्यंतचा सखल प्रदेश दलदलीचा होऊन जाई. गावात प्रवेश करण्यापूर्वी वाटसरू जेथे पायांचा चिखल धूत, ते स्थान पायधुणी, अशी त्या नावाची उपपत्ती सांगितली जाते.

हे खिंडार बुजविण्याचे काम ईस्ट इंडिया कंपनीचे गव्हर्नर विल्यम हॉर्नबी यांच्या कारकिर्दीत हाती घेण्यात आले. हॉर्नबी 1771 ते 1784 या काळात मुंबईचे गव्हर्नर होते. खर्चाच्या कारणास्तव कंपनीचे लंडनमधील संचालक या कामास अनुकूल नव्हते. तरीही ते पुढे रेटण्यात आले आणि 1784 च्या सुमारास बांध पूर्ण झाला. तो ‘हॉर्नबी व्हेलार्ड’ या नावाने ओळखला जाऊ लागला. ‘व्हेलार्ड’ हा शब्द कुंपण वा बांध या अर्थाच्या पोर्तुगीज शब्दावरून आला आहे. आजचा लाला लजपतराय मार्ग याच बांधाच्या रेषेवर आहे.

या बांधाशी श्री महालक्ष्मीची आख्यायिका निगडित आहे. बांधकाम पुनःपुन्हा ढासळत असता, त्या कामावरील पाठारे प्रभू ज्ञातीतील रामजी शिवजी यांना देवीने स्वप्नात दृष्टांत दिला आणि वरळीनजीकच्या समुद्रातून आपल्या मूर्ती बाहेर काढण्याची आज्ञा केली. त्याप्रमाणे महालक्ष्मी, महाकाली व महासरस्वती यांच्या मूर्ती प्राप्त झाल्या व त्यानंतर बांध टिकला, अशी श्रद्धा आहे. ही कथा श्रद्धेचा विषय असली, तरी भरतीच्या लाटांसमोर भराव टिकवून धरणे त्या काळी किती दुष्कर होते, याची स्मृती तिने जपली आहे. पुढे 1831 मध्ये धाकजी दादाजी यांनी देवीचे मंदिर उभारल्याचे सांगितले जाते.

बांधामुळे आतील दलदल हळूहळू कोरडी होत गेली आणि तेथे रस्ते व वस्ती आली. 1883 मध्ये महालक्ष्मीचे रेसकोर्स याच सखल भूमीवर उभे राहिले.

माहीमचा सेतू

उत्तरेकडील माहीमची खाडी मात्र पुढेही अनेक वर्षे होडीनेच ओलांडावी लागे. 1841 मध्ये या खाडीत अनेक होड्या उलटल्या. त्यानंतर सर जमशेटजी जीजीभॉय यांच्या पत्नी लेडी आवाबाई यांनी येथे पक्का मार्ग व्हावा यासाठी एक लाख रुपयांची देणगी दिली. ती रक्कम अपुरी पडल्यावर उर्वरित खर्चही याच कुटुंबाने उचलला. एकूण देणगी दीड लाखाहून अधिक झाली. या सेतूवरून जाणाऱ्या कोणाकडूनही पथकर घेऊ नये, एवढीच दात्यांची अट होती. 1845 मध्ये सेतू वाहतुकीस खुला झाला. दादर–माहीममधील लेडी जमशेटजी मार्ग आजही त्या दानाचे स्मरण करून देतो.

समुद्रातील नवा मार्ग

वाहतूक वाढत गेली, तसा मार्ग पुन्हा समुद्राकडे वळला. वांद्रे–वरळी सागरी सेतू 2009 मध्ये सुरू झाला. मरीन लाइन्स ते वरळी या 10.58 किलोमीटर लांबीच्या किनारी रस्त्याचे काम 2018 मध्ये सुरू होऊन त्याचा पहिला भाग मार्च 2024 मध्ये खुला झाला. गिरगाव चौपाटीजवळ या मार्गाचे सुमारे दोन किलोमीटर लांबीचे जुळे बोगदे आहेत. वरळी कोळीवाड्यातील मच्छीमारांच्या होड्यांना ये-जा करण्यास दोन खांबांमधील 60 मीटर अंतर पुरेसे नव्हते. त्यांच्या दीर्घ आंदोलनानंतर ते 120 मीटर करण्याचे मान्य झाले. जमिनीवरील वाट रुंदावताना पाण्यावरील जुनी वाट बंद होऊ नये, ही त्यांची मागणी होती.

बांधामागील पाणी

बांधाने समुद्राचे पाणी अडविले, परंतु आतील भूमीची उंची वाढली नाही. त्या भूमीचा बराच भाग आजही मोठ्या भरतीच्या पातळीहून खाली आहे. भरती असताना पर्जन्यजलवाहिन्यांची समुद्राकडील अनेक मुखे पाण्याखाली जातात आणि पावसाचे पाणी आपोआप वाहून जाऊ शकत नाही. हाजी अली व वरळीतील लव्हग्रोव्ह येथील उदंचन केंद्रे अशा वेळी ते पंपांनी समुद्रात सोडतात. परळ–दादर दरम्यानचा हिंदमाता परिसरही बशीसारखा खोलगट आहे. तेथील पाणी साठविण्यासाठी अलीकडच्या काळात भूमिगत टाक्या बांधण्यात आल्या आहेत. 26 जुलै 2005 रोजी सांताक्रूझ येथे एका दिवसात 944 मिलिमीटर पाऊस झाला, तेव्हा भरती आणि अतिवृष्टी यांचा योग किती घातक ठरतो, हे सर्वांनी अनुभवले.

यात्रेकरूंसाठी सूचना

श्रावण आणि गणेशोत्सव या काळात महालक्ष्मी, प्रभादेवी व लालबाग येथे भाविकांची मोठी गर्दी असते. हे दिवस पावसाचेही असतात. म्हणून यात्रेस निघण्यापूर्वी पावसाच्या अंदाजाबरोबर भरतीची वेळही पाहावी. मुसळधार पाऊस व मोठी भरती एकाच वेळी येणार असल्यास प्रवास काही तास पुढे ढकलावा. साचलेल्या पाण्यातून चालत जाऊ नये. पाण्याखालील उघडे मॅनहोल दिसत नाही. वृद्ध व बालके सोबत असल्यास ओहोटी लागून पाणी उतरेपर्यंत उंच व सुरक्षित ठिकाणी थांबावे. दर्शनास थोडा विलंब झाला तरी चालेल. सर्व मंडळी सुखरूप घरी परतणे अधिक महत्त्वाचे आहे.