घरात शिरलेला पारवा

घरात किंवा दुकानात पारवा शिरला की जी धावपळ उडते ती बहुतेक वाचकांनी पाहिलेली असेल. कोणी केरसुणी उगारतो, कोणी टॉवेल फडकावतो, मुले ओरडतात, आणि घाबरलेला पक्षी फिरत्या पंख्यावर नाहीतर काचेवर आपटतो. मग आमच्याकडे विचारणा होते, "डॉक्टर, पारव्याची चोच लागली, कुत्र्यासारखी इंजेक्शने घ्यावी लागतील का?" नाही. रेबीज हा सस्तन प्राण्यांचा रोग आहे, पक्ष्यांमुळे तो होत नाही. ओरखडा साबणाने स्वच्छ धुवावा व धनुर्वाताची लस घेतलेली नसेल तर ती घ्यावी. चोचीला भिण्याचे कारण नाही. भ्यायचे ते वाळलेल्या विष्ठेच्या धुळीला.

आधी पक्षी धरण्याविषयी. सर्वप्रथम पंखा बंद करावा. दिवस असेल तर आतली दारे लावावीत, दिवे मालवावेत, बाहेरची एकच खिडकी सताड उघडावी आणि सर्वांनी खोलीबाहेर जावे. पक्षी उजेडाकडे जातो. बहुतेक वेळा धरण्याची गरजच पडत नाही. तसे झाले नाही तर अंधार पडू द्यावा. अंधारात पारव्याला नीट दिसत नाही, तो एका जागी बसून राहतो. तो कोठे बसला हे बॅटरीने पाहून ठेवावे, बॅटरी विझवावी आणि जुना पंचा किंवा ओढणी हलकेच त्याच्या अंगावर टाकावी. दोन्ही हातांनी पंख अंगाशी मिटवून उचलावे. शेपटी किंवा एक पंख धरून ओढू नये. पिसे उपटली जातात, हाड मोडते.

छाती मात्र आवळू नये. पक्ष्यांना आपल्यासारखा श्वासपटल नसतो. छातीचे हाड वरखाली होते तेव्हाच त्यांचा श्वास चालतो, त्यामुळे घट्ट मूठ हाच त्यांचा गळफास ठरतो. भोके पाडलेल्या पुठ्ठ्याच्या खोक्यात जुने फडके घालून त्याला ठेवावे व उजाडल्यावर सोडावे. चोच उघडून पाणी ओतण्याची भूतदया करू नये. श्वासनलिकेचे तोंड जिभेच्या मागेच असते, पाणी थेट फुप्फुसात जाते. पायात वा पंखात मांजा अडकला असेल तर न ओढता दोन्हीकडून कापावा, आणि जखमेत रुतलेला भाग पशुवैद्यकीय दवाखान्यातच काढून घ्यावा. चिकट गोंद लावणे, विषारी दाणे टाकणे हे प्रकार क्रूर तर आहेतच, शिवाय १९६० च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यात बसणारे आहेत. एकाच जागी बरेच पक्षी मेलेले आढळले तर हात न लावता पशुसंवर्धन खात्याला कळवावे.

आता धुळीविषयी. शिवणकाम करणाऱ्या एका बाईंना कित्येक महिने कोरडा खोकला होता. जिना चढताना दम लागे, वजन उतरले होते. थुंकीत क्षयाचे जंतू नव्हते, खोकल्याच्या बाटल्या संपत होत्या. दिवाळीला माहेरी पंधरा दिवस राहिल्या की बरे वाटे, परतल्या की पुन्हा तेच. त्यांचे शिलाई यंत्र होते त्या खोलीच्या माळ्यावर पारव्यांची जुनी वस्ती होती. विष्ठेची आणि पिसांची धूळ रोज श्वासावाटे गेली की काही माणसांच्या फुप्फुसांना तिचे वावडे होते. वेळीच धूळ टाळली तर आजार पुष्कळसा आटोक्यात येतो. वर्षानुवर्षे चालू राहिली तर फुप्फुस कडक होते व ते पूर्ववत होत नाही. याला हायपरसेन्सिटिव्हिटी न्यूमोनायटिस म्हणतात. फुप्फुसांच्या अशा आजारांच्या १०८४ भारतीय रुग्णांची पाहणी २०१७ साली प्रसिद्ध झाली, त्यात सुमारे ४७ टक्के रुग्णांना हाच विकार होता. दोष एकट्या पारव्यांचा नाही; बुरशी धरलेले कूलरही त्यात मोठे कारण होते. पण आपल्याकडे कूलर खिडकीत आणि त्याच्या डोक्यावर पारव्याचे घरटे, अशी जोडगोळी काही कमी नाही!

म्हणून पारवा निघून गेल्यावर लगेच झाडू मारू नये. नाकातोंडावर एन-९५ मास्क बांधावा, साधा रुमाल पुरत नाही. हातमोजे घालावेत. विष्ठेवर साबणाचे पाणी शिंपडून ती चांगली भिजू द्यावी, ओलीच खरवडून प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधावी व नंतर फरशी पुसावी. दमेकरी, गरोदर स्त्रिया, लहान मुले, तसेच स्टेरॉइड किंवा कर्करोगाची औषधे घेणारे यांनी हे काम करू नये. दुबळ्या प्रकृतीच्या माणसाला या विष्ठेतील क्रिप्टोकोकस बुरशीमुळे मेंदूच्या आवरणाचा दाहही होऊ शकतो. साफसफाईनंतर काही तासांनी थंडी वाजून ताप, खोकला व दम लागला तर डॉक्टरांना पारव्यांची गोष्ट आवर्जून सांगावी. आम्ही विचारतोच असे नाही.

घरट्यात अंडी असतील तर थोडे थांबावे. साधारण अठरा दिवसांत पिल्ले निघतात आणि महिना-सव्वा महिन्यात उडून जातात. मग घरटे काढून त्याच दिवशी जाळी ठोकावी. दोन इंचांपेक्षा मोठी भोके नसावीत, आणि ठोकण्यापूर्वी आत एखादा पक्षी राहिला नाही ना, हे पाहून घ्यावे.