खेळाची जुनी आवृत्ती आणि तिच्या आधारावरील फेरबदल

प्रस्तावना

संहिता, पाठभेद आणि प्रक्षेप या संकल्पना आपण हस्तलिखितांच्या संदर्भात अभ्यासल्या. प्रस्तुत घटकात त्याच संकल्पना व्हिडिओ गेमला लावून पाहावयाच्या आहेत. हा मराठीच्या अभ्यासाचा विषय कसा, अशी शंका काहींना येईल. साताऱ्याच्या किंवा सांगलीच्या बसस्थानकावर गाडीची वाट पाहत मोबाईलवर एस.टी. ‘हाकणारा’ मुलगा डोळ्यांसमोर आणावा, म्हणजे ती फिटेल.

विषय-विवेचन

‘बस सिम्युलेटर इंडोनेशिया’ हा मालेओ या इंडोनेशियन कंपनीने 2017 मध्ये आणलेला खेळ. त्यातील रस्ते आणि गाड्या तिकडच्या. परंतु गाडीला हवा तो रंग देण्याची आणि स्वतः तयार केलेले वाहन आत आणण्याची मुभा खेळाडूला आहे. या वाटेने एस.टी.ची लाल बस आणि शिवशाही त्या खेळात धावू लागल्या. रंगसंगती ही चित्राची फाईल असल्याने ‘सातारा–सांगली, मार्गे कराड, आष्टा’ असा देवनागरी फलकही रंगवता येतो. येथे मराठी अक्षर म्हणून नव्हे, चित्र म्हणून प्रवेश करते, हे लक्षात घ्यावे. अशा भरीला ‘मॉड’ म्हणतात. आपल्या परिभाषेत तो प्रक्षेपच होय. फक्त लपवून घातलेला नव्हे, उघडपणे घातलेला.

आता मुख्य प्रश्न. नवी, सुधारलेली आवृत्ती मिळत असता खेळाडू जुनीच का जपतो? केवळ रंग बदलणारे मॉड बहुधा नव्या आवृत्तीतही चालतात. खेळाच्या वागणुकीत हस्तक्षेप करणाऱ्या मॉडचे मात्र तसे नसते. आज्ञावलीतील नेमक्या जागा हेरून ते लिहिलेले असतात. एखाद्या टीकाकाराने ओवीचा क्रमांक न देता ‘पृष्ठ 112, ओळ 6’ एवढाच निर्देश करावा आणि पुढील मुद्रणात पृष्ठे सरकावीत, तशी त्यांची गत होते. टीका शाबूत, पण बोट भलत्याच ओळीवर! खेळ अशा वेळी पुष्कळदा बंदच पडतो.

‘ग्रँड थेफ्ट ऑटो : सॅन अँड्रियास’ संगणकावर 2005 मध्ये आला. त्यातील दडलेला मजकूर एका मॉडमुळे उघड होऊन वाद झाला आणि कंपनीने फेरबदलांना अटकाव करणारी दुरुस्त आवृत्ती काढली. मॉडकर्ते मात्र 1.0 लाच धरून राहिले. पुढे 2014 मध्ये परवान्यांची मुदत संपल्याने काही गाणीही वगळली गेली. जुनी प्रत जपण्याचे आणखी एक कारण झाले. ‘फॉलआउट : लंडन’ हा स्वयंसेवकांनी रचलेला प्रचंड मॉड 23 एप्रिल 2024 रोजी यायचा होता. मूळ खेळाची नवी आवृत्ती 25 एप्रिलला येणार असल्याने तो लांबला, 25 जुलैला प्रसिद्ध झाला आणि वापरणाऱ्यांना मूळ खेळ मागील आवृत्तीवर न्यावा लागला.

मॉडकर्त्यानेच आपले काम अद्ययावत करावे, असे म्हणणे सोपे आहे. तो बहुधा बिनमोबदला राबणारा विद्यार्थी असतो. शिक्षण संपते, नोकरी लागते, काम तेथेच थांबते. कंपनीची बाजूही सर्वस्वी चुकीची नाही. दोष आणि सुरक्षेतील उणिवा दुरुस्त कराव्याच लागतात.

एकनाथांनी शके 1506 मध्ये, म्हणजे इ.स. 1584 मध्ये, ज्ञानेश्वरीचा पाठ शुद्ध केला आणि पुढे कोणी भर घालू नये असेही बजावले. तरी त्याआधीच्या पाठाचा शोध थांबला नाही, वि. का. राजवाडे यांनी 1909 मध्ये प्रसिद्ध केलेली प्रत त्याच शोधातील. तेथे जुनी पोथी वेष्टनात का होईना, शिल्लक राहू शकत होती. खेळाची नवी आवृत्ती जुनीवरच लिहिली जाते. स्वयंचलित अद्ययावतीकरण चालू राहिले तर रात्रीतून मूळ संहिता जाते आणि तिच्यावर विसंबलेली मराठी फलकाची गाडीही निरुपयोगी होऊ शकते. म्हणून जाणता खेळाडू ते बंद करतो आणि विकत घेतलेल्या खेळाची प्रत वेगळी ठेवतो. अनोळखी ठिकाणाहून जुनी प्रत उतरवून घेणे मात्र धोक्याचे; तिच्यात कोणी कोणता ‘प्रक्षेप’ केला आहे, हे कळत नाही.

स्वयं-अध्ययनासाठी

1. प्रक्षेप आणि मॉड यांतील साम्य व भेद सोदाहरण लिहा.

2. आपल्या गावातील एखाद्या मॉडकर्त्याला भेटून त्याचे काम कोणत्या आवृत्तीवर चालते, फलकावरील मराठी मजकूर त्याने कसा लिहिला आणि त्याची प्रत कोठे जपली आहे, याची एक पानभर नोंद करा.